नुसता बेंजो वाजू दे

आमच्याकडं भावाच्या लग्नात बहीण करवली असते. लग्न लागताना करा-दिवा घेऊन त्याच्या पाठीशी तिनं उभं राहायचं, आणि आदल्या दिवशी हळदीच्या मांडवात पहिलं नाचायचं तेही तिनंच. लहानपणी मी धाकट्या भावाला टॉवेल गुंडाळून पाटावर बसवायची आणि तांब्या घेऊन मागं उभी राहायची. तो शेंबूड ओढत विचारायचा, "झालं का गं लगीन?" मी म्हणायची, "थांब रं, अजून मी नाचले नाय."

पुढं मी माझं लग्न केलं ते कोंडाण्याच्या लेण्यांच्या बाजूला, डोंगराखालच्या आदिवासी वाडीतल्या मुलाशी. शेतीवाडीवाल्या घरातली मुलगी वाडीत गेली म्हणून घरात आभाळ कोसळलं. बाप म्हणाला, "आजपासून तू आमाला मेलीस." मीही काही गप्प बसणारी नव्हे. "मेले तर मेले, रडू नका मंग," म्हणून चपला घालून निघाले. ताठा बापाचा उचललाय मी, दुसऱ्या कुणाचा उचलणार?

आम्ही कर्जतला लागून दहिवलीत खोली घेतली. नवरा टेंपो चालवतो, निम्मा महिना बाहेरच असतो. माहेर म्हणाल तर नदीच्या पल्याड, समोरच. धुण्याच्या घाटावर उभं राहिलं की आमच्या आंब्याचा शेंडा दिसतो. कर्जतच्या बाजारात आई दिसायची. मला बघून मेथीच्या जुडीत अशी डोकं घालायची की जणू आयुष्यात पहिल्यांदाच मेथी बघतेय. मी दुसऱ्या गाडीवर जायची. घरी येऊन भांडी आपटायची, आणि ऐकायलाही कुणी नसायचं.

गाण्याचं असं झालं की नवऱ्याच्या एका दोस्ताचा दहिवलीत स्टुडिओ आहे. स्टुडिओ कसला, दुकानाचा गाळा. भिंतींना गाद्या ठोकलेल्या, आणि पंख्याची घरघर येते म्हणून रेकॉर्डिंगला पंखा बंद. हा पूर्वी लग्नांत बेंजो वाजवायचा. आमच्या भागात बेंजोशिवाय हळद होत नाही. तारांवर सूर धरला की म्हातारे पण उठतात. तर त्यानं एक नाचाचं गाणं बांधलं होतं. कल्याणहून गायिका येणार होती, तिचा घसा बसला. हा दारात येऊन उभा. "वहिनी, तुमी भजनात गायच्या ना? चला, पाच मिनिटांचं काम हाय."

पाच मिनिटं म्हणता म्हणता दुपार गेली. घामानं निथळले. आधी त्यानं ओळ म्हणून दाखवली.

'दादाच्या मांडवात कोन कोन नाचं?
करवली नाचं गं, करवली नाचं!'

दुसरं गाणं नव्हतं का याला? पण गायले. जरा जास्तच जोरात गायले, कारण हळू म्हटलं असतं तर रडू आलं असतं. तो म्हणाला, "वहिनी, आग लावलीत." मी म्हटलं, "नाव मात्र कुठं टाकू नकोस माझं." माहेरी कळलं तर 'आता चारचौघांत नाचगाणी करते' म्हणून तोंडसुख घ्यायला आणखी एक निमित्त मिळालं असतं त्यांना.

लग्नसराईच्या तोंडावर त्यानं गाणं यूट्यूबवर सोडलं. पहिले काही दिवस काहीच नाही. मीच खोलीत बसून पुन्हा पुन्हा लावायची. खाली कुणीतरी लिहिलं, 'बाईचा आवाज मशीनचा वाटतो.' मी मोबाइलला म्हटलं, "मशीन तुझी आई!" मग भिवपुरीच्या एका हळदीत बेंजोवाल्यांनी ते उचललं, नवरदेवाच्या आत्यानं परातीत उभं राहून नाच केला, त्याची रील झाली, आणि गाणं जे सुटलं ते खोपोलीपर्यंत. रिक्षात तेच, फरसाणाच्या दुकानात तेच. अंगणवाडीतली चिल्लीपिल्ली कमरेवर हात ठेवून 'करवली नाचं' करायला लागली. रिक्षात माझ्या शेजारची बाई मला म्हणाली, "काय आवाज हाय ना हिचा!" मी म्हटलं, "बरा हाय." इतक्या लोकांच्या तोंडी माझा आवाज, आणि संध्याकाळी खोलीत बोलायला मात्र मोबाइलच.

गाणं चाललं तशी नवी टूम निघाली. ज्याच्या घरी लग्न, त्याला आपल्या नावाचं गाणं पाहिजे. 'दादाच्या' जागी नवरदेवाचं नाव, 'करवली'च्या जागी त्याच्या बहिणीचं, पुढच्या कडव्यांत आईबाप, काका, मामा. लोक नावं बोलून आवाजी मेसेज पाठवायचे, स्टुडिओवाला तो स्पीकरवर लावायचा आणि मी त्या त्या घराचं गाणं गायची. एकदा एका काकाचं नाव राहिलं तर त्यानं भर हळदीत मांडवातला आपला गॅस सिलेंडर उचलून नेला. दुसऱ्या दिवशी बिचारे पुन्हा आमच्या दारात, काकासकट गाणं करून द्या म्हणून. मी लोकांच्या बहिणींना नाचवत होते. तालुक्यातली एक करवली सोडली नसेल मी.

त्यातच भाजीवालीनं बातमी दिली, "तुज्या भावाचं जमलं गं." मी "हो का?" म्हटलं आणि घरी येऊन दार लावून बसले. आता बोलावतील, असं वाटलं. बाप नाही, पण भाऊ तरी. करवलीशिवाय लग्न कसं लावतील? दुसऱ्या दिवशी जाऊन पिवळी साडी घेतली. नवरा म्हणाला, "बोलावनं आलं?" मी म्हटलं, "येईल." त्यानं पुढं विचारलं नाही, भला माणूस आहे. मग मी फोन उशाशी घेऊन झोपायला लागले. बोलावणं काही आलं नाही.

हळद दोन दिवसांवर आली तेव्हा स्टुडिओवाल्यानं हाक मारली. "वहिनी, घाईचं काम हाय, नदीपल्याडचं." त्याला माझं माहेर ठाऊक नव्हतं. त्यानं मेसेज लावला. पहिल्या शब्दाला कळलं मला. आवाज फुटून पार बाप्या माणसाचा झाला होता, पण बोलायच्या आधी नाक ओढायची खोड तशीच.

आधी स्वतःचं नाव सांगितलं. मग आईचं, मग बापाचं, मग चुलते, मामा, सगळी रांग. चुलतबहीण आहे, तिचंच नाव येणार, हे मला माहीत होतं. करवली कुणीतरी लागतेच. तो थांबला. नाक ओढलं. मग म्हणाला, "करवलीच्या जागी कोनाचं नाव नको. तितं नुसता बेंजो वाजू दे." आणि जरा वेळानं, "पन आवाज तोच पायजेल. त्याच बाईचा."

स्टुडिओवाला हसला. "बहीण नसेल बिचाऱ्याला."

"असेल नायतर नसेल, तुला काय करायचंय?" मी त्याच्यावर खेकसले.

राग आला होता मला. माझा आवाज ओळखण्याएवढं कळत होतं लेकाच्याला, तर फोन करायला काय हात मोडले होते? नदी तेवढी, पूल तेवढा. जागा मोकळी ठेवायची आणि माणसाला बोलवायचं नाही, ही कसली रीत? आणि त्याच वेळी त्या गाद्या ठोकलेल्या भिंतीला टेकून मला वाटत होतं, माझी जागा नाही दिली गं त्यानं कुणाला. नाही दिली.

बापाच्या नावावर तीनदा सूर चुकला. कितीतरी वर्षांत ते नाव उच्चारलं नव्हतं. स्टुडिओवाल्यानं पाणी दिलं. शेवटी लागलं एकदाचं. करवलीची ओळ आली तेव्हा माईकसमोर तोंड मिटून उभी राहिले, बेंजो वाजून जाऊ दिला, आणि तेवढंच म्हटलं, 'नाचं गं.' पुन्हा बेंजो. 'नाचं.'

हळदीच्या दिवशी नवरा सुरतेकडं होता. दिवस कलायच्या आत मी पिवळी साडी नेसले. कशाला, ते विचारू नका. साडी घरात होती आणि हळदीचा दिवस होता. धुवायला चार कपडे घेतले आणि घाटावर गेले. पल्याड आंब्याखाली मांडवाची झालर दिसत होती. माणसं ठिपक्याएवढी. आई कुठली ते कळलं नाही.

डीजेची दोन-तीन गाणी झाली आणि मग माझा आवाज पाण्यावरून माझ्याकडं आला. भावाचं नाव, मांडव, कोन कोन नाचं? पुढं बेंजो. मला धास्ती होती, त्या मोकळ्या जागेत पोरं काहीतरी ओरडतील. हळदीत तोंड गप्प कुठं असतं कुणाचं? पण कुणी ओरडलं नाही. एवढा मोठा मांडव, आणि तेवढ्यापुरता नुसता बेंजो. सगळ्यांना ठाऊक होतं ती जागा कुणाची ते.

शेजारच्या दगडावर एक बाई गोधडी धूत होती. माझ्याकडं वरखाली बघून म्हणाली, "नवी साडी नेसून धुनं धुतेस व्हय गं?"

"हळद हाय," मी म्हटलं.

"कोनाची?"

"माज्या भावाची." पल्याड बोट केलं. "ती काय."

"सख्ख्या?"

"सख्ख्या."

तिनं गोधडी खाली ठेवली. "मंग तू हितं काय करतेस?"

पल्याड गाणं फिरून त्याच ओळीवर आलं होतं. मी कपडे दगडावर टाकले, चपला काढल्या, पदर खोचला.

"नाचते," मी म्हटलं.