साहेबांची शेवटची चार्ज-नोट

आमचे साहेब पॅसिफिकमधल्या बेटांवर वीस वर्षं राज्य करून बहरीनला आले होते. राज्य हा शब्द माझा. ते म्हणत, "मी नुसता डिस्ट्रिक्ट ऑफिसर होतो." नुसता! पोलीस त्यांचे, कोर्ट त्यांचं, कुणाच्या माडाची हद्द कुठवर तेही तेच ठरवणार. मग बेटं स्वतंत्र झाली, इंग्रजांचा झेंडा उतरला आणि साहेब इथे बहरीनच्या राजधानीत, मनामात, आमच्या कंपनीचे ॲडमिनिस्ट्रेशन मॅनेजर झाले. मी त्यांची स्टेनो, वसईची. शॉर्टहँडमध्ये कुणाच्या बापाला हार जात नसे.

रजेवर निघाले की साहेब चार्ज-नोट ठेवायचेच. बेटांवर पुढचा ऑफिसर कधी बोटीने येईल याचा नेम नसायचा, म्हणून जाणारा सगळं लिहून ठेवी: कुठला मुखिया कुणावर रुसलाय, कुठल्या विहिरीचं पाणी कधी खारट होतं. इथेही तेच. फक्त इथली नोट मी लिहायचे आणि साहेब सही करायचे. चार वर्षांत व्हिसा, क्वार्टर्स, ड्रायव्हरांच्या शिफ्ट, सगळं माझ्याकडे आलं. साहेब खिडकीशी उभे राहून बेटांच्या गोष्टी सांगत.

त्यांची लाडकी गोष्ट त्यांच्या हेडक्लार्कची. तिथलाच माणूस. बारा वर्षं काम त्याने ओढलं आणि शेवटच्या आठवड्यात साहेबांनी त्याला आपल्या खुर्चीत बसवून किल्ल्या दिल्या. सांगताना त्यांचे डोळे भरून यायचे. माझेही यायचे, खोटं कशाला बोलू?

मग साहेब रिटायर व्हायला निघाले. लंडनहून नवा माणूस येणार होता. ती खुर्ची मला हवी होती, अगदी जीव तुटत होता. नवरा म्हणाला, "गप बस गं बाई, आपला व्हिसा त्यांच्या हातात आहे."

"त्यांच्या कुठला? फाइल मीच ठेवते," मी म्हटलं.

गुरुवारी साहेबांनी शेवटची चार्ज-नोट सांगायला घेतली. मी पेन्सिल खाली ठेवली. "साहेब, चार्ज त्याला कशाला? मला द्या."

ते गडबडले. "ही जागा माझी नाही हो, द्यायला."

"मग बेटं तुमची होती?"

साहेब कानापर्यंत लाल झाले. मी मनात म्हटलं, खलास, आता पुढच्या विमानाने वसई.

ते उठून खिडकीशी गेले. मग म्हणाले, "नव्हती. त्या हेडक्लार्कचीच होती. मी बारा वर्षं उशीर केला." आणि लगेच, "लिहून घ्या. डायरेक्टरांना पत्र." इथलं सगळं काम ही बाई करते, मी फक्त सही करतो, असं त्यांनी सरळ सांगितलं. चार वर्षांत पहिल्यांदाच मला "पुन्हा सांगा" म्हणावं लागलं, कारण वहीवरचं काही दिसेना.

डायरेक्टरांनी दोन आठवडे घेतले. खुर्ची दिली, पगार मात्र साहेबांचा दिला नाही, लबाड कुठले! निघायच्या दिवशी मी चार्ज-नोट मागितली तर साहेबांनी एक कोरा कागद पुढे केला. खाली फक्त त्यांची सही. "वरचं नेहमी तुम्हीच लिहीत आलात," ते म्हणाले.

तो कागद मी तसाच ड्रॉवरमध्ये ठेवला. शनिवारी पहिलं पत्र टाइप होऊन टेबलावर आलं. त्याच्याखाली मी माझी सही केली.