मयत सभासदाचं मत

ऐंशीच्या दशकात मी अंधेरीला सीप्झ या निर्यात वसाहतीतल्या एका कंपनीत डेटा एन्ट्री ऑपरेटर होते. अमेरिकेहून छापील पानांच्या झेरॉक्स यायच्या, आम्ही त्या कॉम्प्युटरवर टाइप करायचो आणि त्याच्या टेप विमानाने परत जायच्या. पानांत काय लिहिलंय ते कळायची गरज नव्हती. सुपरवायझरनी पहिल्याच दिवशी सांगितलं होतं, दिसतं तसं मारा.

एकदा तिथल्या एका राज्याच्या विधानसभेच्या अधिवेशनाचं जुनं इतिवृत्त आलं, आमच्या जन्माच्याही आधीचं. रोजचं कामकाज प्रार्थनेने सुरू व्हायचं. मग हजेरी, मग विधेयकं: कुत्र्यांचे परवाने, मासेमारीचा हंगाम, दफनभूमीची कुंपणं. कोण हो म्हणालं, कोण नाही, याची नावांसकट यादी. मी पान टाइप केलं की शेजारची मैत्रीण तेच पान पुन्हा टाइप करायची. दोघींत एका अक्षराचा फरक पडला तरी तिचं मशीन अडायचं. ती चारकोपहून यायची, मूळची मालवणकडची.

त्या सभासदांत एक फार वयस्कर होते. त्यांच्या वाढदिवसाला सभागृहाने अभिनंदनाचा ठराव केला होता, त्यावरून आम्हाला ते कळलं. आम्ही त्यांना आजोबा म्हणायला लागलो. त्यांनी एकच विधेयक आणलं होतं: शाळेच्या वाटेवरच्या ओढ्यावर पूल बांधावा. ते सारखं पुढे ढकललं जायचं. डबा खाताना मैत्रीण विचारायची, आजोबांचा पूल कुठवर आला? मी सांगायचे, समितीत आहे.

मग एका दुपारी माझ्यासमोर शोकप्रस्ताव आला. आजोबा अधिवेशन चालू असतानाच गेले होते. माझे हात थांबले. सुपरवायझर येऊन विचारू लागले, काय झालं?

"आमचे एक सभासद वारले," मी म्हटलं.

त्यांना वाटलं, आमच्या मुलुंडच्या हाउसिंग सोसायटीतले. मयताला जायचं असेल तर हाफ डे घ्या, असं ते म्हणाले. मी नको म्हटलं आणि शोकप्रस्ताव पूर्ण केला.

पुढच्या आठवड्यात पुलाचं विधेयक मताला आलं. हो म्हणणाऱ्यांच्या यादीत आजोबांचं नाव होतं. छापणाऱ्याने जुनी यादी तशीच वापरली असावी. मी ते नाव गाळलं. थोड्या वेळाने मैत्रिणीचं मशीन अडलं. ती पान घेऊन माझ्याकडे आली.

"नाव खाल्लंस गं."

"ते गेलेत ना. मत कसं देतील?"

तिने पान पुन्हा वाचलं. "होय गो, मेल्लो माणूस मत कसो देतलो?" मग म्हणाली, "पण पूल त्यांचाच आहे."

आम्ही सुपरवायझरना बोलावलं. त्यांनी शोकप्रस्तावाचं पान आणि यादीचं पान शेजारी शेजारी ठेवून पाहिलं. हे तुमच्या सोसायटीतले नव्हेत तर, एवढंच ते म्हणाले. अमेरिकेला टेलेक्स गेला. तीन दिवसांनी उत्तर आलं की छापलंय तसंच ठेवा.

मी नाव घातलं. वाईट वाटेल असं वाटलं होतं, पण तसं काही झालं नाही. उलट एकेक अक्षर मी जरा सावकाश मारलं. पूल भरपूर मतांनी मंजूर झाला. त्या एका मताने काही अडणार नव्हतं.

राज्यपालांची सही व्हायची होती, पण त्यापुढची पानं दुसऱ्याच कंपनीकडे गेली. पूल बांधला की नाही, ते आम्हाला शेवटपर्यंत कळलं नाही.

आमच्याकडे पुढचा खोका आला तो कुठल्याशा हॉस्पिटलच्या बिलांचा. मैत्रिणीने वरचंच बिल उचललं, पेशंटचं वय बघितलं, ब्याऐंशी, आणि पान माझ्या पुढ्यात ठेवलं.

"ह्याला जीव नको लावूस," ती म्हणाली.