बोर्ड मीच बदलला होता

आमच्या गल्लीतले दुरुस्तीवाले म्हणतात, या वयात हे लिहून काय मिळणार? धंद्याची अब्रू जाईल. जाऊ दे. एक मुलगी बारा वर्षं खोटारडी म्हणून वावरली, ती माझ्यामुळे. यांच्यातल्या दोघांना ते तेव्हाच ठाऊक होतं.

अकोल्यात माझं टीव्ही आणि गेमची मशीनं दुरुस्त करायचं दुकान आहे. बारा वर्षांआधी फुलांचा मळा असलेल्या घरातले भाऊ-बहीण त्यांचं बंद पडलेलं गेमचं मशीन घेऊन आले. त्यात दोघांनी मिळून तीन वर्षं एक गाव वसवलं होतं. रस्ते, तलाव, रेल्वे स्टेशन. भाऊ म्हणाला, "काका, काहीबी करा, पण गाव गेलं नाही पाहिजे."

मूळ बोर्ड काही उठेना. मी दुसऱ्या मशीनचा बोर्ड टाकला. आमच्या धंद्यात 'बोर्ड बदलला' म्हणत नाहीत, 'बनवला' म्हणतात. बदलला म्हटलं की गिऱ्हाइकाला वाटतं, ओरिजिनल माल काढून घेतला. मशीन सुरू झालं, पण गाव ज्या डिस्कवर साठवलेलं होतं, ती जुनी डिस्क नव्या बोर्डाने ओळखलीच नाही. मी तीही बदलली.

गाव दिसेना तेव्हा भाऊ भडकला. मी म्हणालो, "बंद पडायच्या आधी घरी कोणीतरी फॉरमॅट मारून सगळं पुसलंय. मी फक्त बोर्ड बनवला."

शेवटी खेळली होती बहीण. "दादा, म्या काहीच नाही दाबलं," ती म्हणाली. मी मान खाली घालून स्क्रू आवळत राहिलो.

पुढे तिला शिकायला अमरावतीला जायचं होतं, तेव्हा भावाने घरात सांगितलं, हिच्या बोलण्यावर भरोसा ठेवू नका. ती भांडून गेली. दोघांचं बोलणं तुटलं.

यंदा ती तेच मशीन घेऊन दुकानात आली. आता कॉम्प्युटरचंच काम करते. कॉम्प्युटरला गेमच्या मशीनचं सोंग घ्यायला लावणारा प्रोग्राम असतो, एम्युलेटर. डिस्कवरून पुसलं गेलेलं गाव काढून तिला त्यात उघडायचं होतं. म्हणाली, "काका, या डिस्कले कुलूप असते. त्याची किल्ली म्हणजे अक्षरांची एक लांब ओळ, अन् ती ज्याच्या-त्याच्या बोर्डातच राहते. इंटरनेटवरची दुसऱ्याची चालत नाही. म्या आमची काढली, डिस्क उघडली. तुमच्याकडून नेल्याच्या आधीचं त्यात एक अक्षर नाही. पुसल्याची खूणबी नाही. ही डिस्क आमची आहे का?"

"नाही," मी म्हणालो. "बोर्डही तुमचा नाही."

मी बोर्ड फेकत नाही. त्यांचा बोर्ड आणि डिस्क, चिकटपट्टीने एकत्र बांधलेले, माळ्यावरच्या पेटीत होते. बोर्ड गरम हवेने तापवला. असा बोर्ड जिवंत झाला तरी थोडाच वेळ टिकतो. तिसऱ्या खेपेला तो उठला आणि तो पुन्हा मरायच्या आत तिने किल्ली काढून घेतली.

शेजारचा दुरुस्तीवाला डोकावला. "काहून करून राहिला बे हे? कंपनीचं कुलूप तोडनं म्हणजे चोरी आहे."

"मशीन त्यांचं, डिस्क त्यांची, गाव त्यांनी वसवलेलं. चोरी मी केली होती, बारा वर्षांआधी. तवा तू चहा पीत बसला होता इथंच."

तो गेला. अजून बोलत नाही. नको बोलू.

भावाला फोन मी केला. तो आला तेव्हा पडद्यावर तलाव होता, स्टेशन होतं. मी त्याला उभ्या उभ्या सगळं सांगितलं. तो बहिणीला म्हणाला, "मंग तू तवाच काहून नाही बोलली?"

"बोलली होती ना, दादा. तुमी दोघंबी इथंच होते."

त्याने मान खाली घातली. मी नाही घातली. बारा वर्षं तेच केलं होतं.