बाबांची जुनी नजर

बाबांना जुनी नजर सुरू झाली तेव्हा मी एस. वाय.ला होते. दवाखान्यात या आजाराला लांबलचक नाव आहे, पण दिंडोशीच्या आमच्या बिल्डिंगमध्ये सगळे जुनी नजरच म्हणतात. आजारी माणसाला समोरचं आजचं दिसत नाही, त्या जागी पूर्वी जे होतं ते दिसतं. एवढंच असतं तर निभावलं असतं. पण त्याला जे दिसतंय त्याला आजूबाजूच्यांनी तोंडाने होकार दिला, की ते खरंच तिथे येऊ लागतं आणि आजचं जे असेल ते निघून जातं. बी विंगमधल्या एका आजोबांना लिफ्टच्या जागी जुन्या चाळीतला नळ दिसायचा. येता-जाता लोक त्यांचं मन राखायला "हो आजोबा, आलं पाणी" म्हणत राहिले. आता बी विंगला लिफ्ट नाही. तिथे नळ आहे, आणि सकाळी त्याला पाणीही येतं.

बाबांना ताईच्या जागी आई दिसायची.

मी सातवीत असताना आई काविळीने गेली. ताईला तेव्हा अकरावीला प्रवेश मिळाला होता. ती गेलीच नाही. ओट्यापाशी आईच्या जागी उभी राहिली, म्हणून मी कॉलेजपर्यंत पोचले. आमच्या घरातली मी पहिलीच. आमचं दोघींचं ठरलं होतं: माझं टी. वाय. झालं की मी नोकरी धरायची आणि ताईने सतरा नंबरचा फॉर्म भरून बाहेरून बारावीला बसायचं. दुपारी जेवणं उरकली की ती माझी जुनी पुस्तकं काढून सराव करायची. ती डावखुरी. लिहिताना ओली शाई हाताला लागायची, त्यामुळे तिच्या हाताची करंगळीकडची कड कायम निळी असायची.

डॉक्टर म्हणाले होते, "त्यांच्याशी वाद घालू नका. पण होही म्हणू नका. 'बरं' सुद्धा नको. विषय बदला."

आम्ही विषय बदलायचो. बाबा ताईला "अगो, पोरींची आई" अशी हाक मारायचे आणि ताई विचारायची, "बाबा, चहा टाकू?" त्या महिन्यांत बाबांनी खूप चहा प्यायला.

"तुला भीती नाही वाटत गं?" मी एकदा विचारलं.

"वाट लागली तर माझी लागेल. तुझं कॉलेज चालू राहील ना?" ती हसली. मला हसू आलं नाही.

मग गणपती आले. आरतीनंतर घरातला मोठा पुरुष देवाला गाऱ्हाणं घालतो आणि प्रत्येक वाक्याला सगळ्यांनी मिळून "व्हय म्हाराजा" म्हणायचं, ही आमची कोकणातली रीत. होकार देण्याचीच रीत. म्हणून त्या वर्षी गाऱ्हाणं काकांनी घालायचं, असं मी त्यांना आधीच फोनवर सांगितलं होतं. ते हो म्हणाले होते. पण आरती संपली, बाबा हात जोडून पुढे उभे राहिले, आणि काका मागे सरकले.

"काका, तुम्ही घालताय ना?" मी कुजबुजले.

"दादा उभो आसताना मी कसो घालू गो?"

बाबांनी सुरुवात केली. त्यांचा आवाज कितीतरी दिवसांनी असा खणखणीत लागला होता. "बा गणपती म्हाराजा, आज जी काय सेवा केली ती मानून घे रे म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!"

"काय चुकला-माकला तर पदरात घे रे म्हाराजा!"

"व्हय म्हाराजा!"

"माझ्या बायलेन तुझ्यासाठी मोदक केल्यान. तिका उदंड आयुष्य दे रे म्हाराजा!"

मी ओठ दाबून धरले. काका, काकी, शेजारचे, सगळ्यांच्या तोंडून ते निघून गेलं, जसं दरवर्षी निघतं. आणि त्या सगळ्यांहून वर मला ताईचा आवाज ऐकू आला. हातात नैवेद्याचं ताट धरून, डोळे मिटून, "व्हय म्हाराजा!"

माणसं गेल्यावर मी तिला विचारलं, "तू का म्हणालीस गं?"

"सवय गं. लहानपणापासूनची." मग थोड्या वेळाने म्हणाली, "बाबा किती खूश होते, बघितलंस ना?"

यातलं खरं कारण कोणतं, ते मला अजून ठरवता आलेलं नाही. तिलाही आलं असेल असं वाटत नाही.

दुसऱ्या दिवशी सकाळी ती विळीवर बसून उजव्या हाताने भेंडी चिरत होती. मी तिच्या हातांकडे बघत राहिले. तीही बघत राहिली, आणि भेंडी डाव्या हातात घेऊन पाहिली, तर ती नीट चिरली जाईना.

आता बाबा शांत असतात. त्यांना बघायला आलेले लोक म्हणतात, बरे दिसतात. ताई दुपारी अजून पुस्तक उघडते, पण ओळीवर बोट ठेवून वाचते आणि जोडाक्षरापाशी थांबते. आई चौथीपर्यंतच शिकली होती. परवा मी म्हटलं, "ताई, माझं टी. वाय. झाल्यावर लगेच नको, फॉर्म एक वर्ष थांबून भरू." ती म्हणाली, "कसला फॉर्म, बाळा?"

मला बाळा आई म्हणायची.

मी डॉक्टरांना विचारलं, हे उलटं फिरवता येतं का. ते म्हणाले, खात्री नाही, पण तुम्हाला जे दिसतं ते मोठ्याने म्हणत राहा. म्हणून कॉलेजातून आले की मी बेल वाजवत नाही. दाराबाहेर उभी राहून हाक मारते, "ताई, दार उघड!" समोरच्या काकू वैतागतात. "बेल आहे ना गं? कशाला ओरडतेस?"

पूर्वी आतून लगेच "आले गं" यायचं. आता वेळ लागतो. मी परत हाक मारते, आणि ओ आल्याशिवाय थांबत नाही.