बाईंच्या यादीतला क्रमांक एक

आमच्या बाई फ्रान्सला कधी गेल्या नाहीत. पण त्यांच्या ओळखीतलं डोंबिवलीहून जे कुणी फ्रान्सला गेलं, त्याच्या खिशात बाईंची चिठ्ठी असायची. चिठ्ठीत काही आणायला सांगितलेलं नसे, बघून यायला सांगितलेलं असे. ‘पाववाला पाव पूर्ण गुंडाळून देतो की फक्त मधे कागद लावतो, ते पाहणे.’ ‘शाळेच्या दारावर तीन शब्द कोरलेले असतात म्हणे, ते पाहणे.’ त्यांच्या शेजारचे काका-काकू दहा दिवसांची युरोप सहल करून आले, तर दुसऱ्या दिवशी सकाळी बाई दारात हजर. काका म्हणाले, “बाई, आम्हाला त्या टॉवरखाली चाळीस मिनिटं दिली होती. त्यातली वीस हिची बाथरूमच्या रांगेत गेली.” बाई म्हणाल्या, “बरं, मग उरलेल्या विसात पाव दिसला का?”

बाई आम्हाला शाळेत इतिहास शिकवायच्या. फ्रेंच राज्यक्रांतीचा धडा चार पानांचा होता. “एवढा देश चार पानांत बसवलाय, म्हणजे बराचसा बाहेर राहिला असणार,” असं त्या म्हणत, आणि तो बाहेर राहिलेला देश शोधायला म्हणून त्यांनी वाचायला सुरुवात केली. निवृत्त झाल्यावर दर शनिवारी संध्याकाळी त्या वाचनालयात खिडकीजवळच्या टेबलाशी बसायच्या. मागच्या कपाटाच्या दाराला आतून त्यांच्या हातची यादी चिकटवलेली होती: ‘फ्रान्सचा इतिहास आणि संस्कृती : वाचावीत अशी पुस्तकं’. एकूण अकरा. काही मराठी, बरीचशी इंग्रजी.

ती क्रमानेच वाचायची असा नियम होता. राजाराण्यांपासून सुरुवात करणाऱ्याला बाई पुस्तक देत नसत. आधी खेडी, मग पाव आणि स्वयंपाकघर, मग राज्यक्रांती, त्यानंतर चित्रकार आणि कॅफे. राजवाडा आठव्या क्रमांकावर होता. अकरावं पुस्तक फ्रान्सने वसाहतींत काय केलं त्याचं. “हे शेवटी वाचायचं. आधीच्या दहांनी चढलेलं प्रेम जरा उतरतं,” असं त्या सांगत.

एकदा कुणीतरी त्या यादीला ‘शिफारस’ म्हटलं. बाईंना ते आवडलं नाही. “शिफारस कोणीही करतो. मी जामीन राहते,” त्या म्हणाल्या. यादीतल्या प्रत्येक पुस्तकातली निदान एक गोष्ट कुणीतरी डोळ्यांनी पाहून आलेलं असलं पाहिजे, असा त्यांचा दंडक होता. त्या सगळ्या चिठ्ठ्या त्यासाठी. एक गोष्ट खरी निघाली की बाकीच्या पुस्तकावर त्या विश्वास टाकत.

फक्त क्रमांक एकचं तपासणं बाकी होतं. खेड्यांवरचं, निळ्या पुठ्ठ्याचं पुस्तक. त्यात एका लहानशा गावातल्या जुन्या बाजाराचं वर्णन होतं. लाकडी छपराखाली एक मोठा दगड, त्यात धान्य मापायचे तीन खळगे, आणि सगळ्यात मोठ्या खळग्याची कड वरून पट्टी फिरवून फिरवून एका बाजूने झिजलेली. बाईंचा सगळा फ्रान्स त्या दगडावर उभा होता. त्यांचे आजोबा कोकणात खोताकडे भात घालायचे. खोत स्वतः घेताना माप शिगोशीग भरून घ्यायचा आणि देताना वरून लाकूड फिरवून सपाट करून द्यायचा. आम्ही नववीत असताना त्यांनी आम्हाला कल्याणच्या बाजारात धान्याच्या एका पेढीवर नेऊन पायली दाखवली होती. स्वतःच्या हाताने शीग भरली, मग पट्टी फिरवली. खाली सांडलेल्या तांदळाकडे बोट दाखवून म्हणाल्या, “घेताना शीग, देताना सपाट. राज्यक्रांती इथून सुरू होते, मुलांनो. बाकीचं पुस्तकात आहे.” पेढीवरचा शेठ म्हणाला, “बाई, सांडलेलं भरून द्या म्हणजे झालं.” आम्ही वेचून दिलं.

ते गाव कुठल्याच सहलीच्या वाटेवर नव्हतं. आठ वर्षांपूर्वी वागळे इस्टेटमधल्या माझ्या कंपनीने मला तीन आठवड्यांसाठी फ्रान्सला पाठवलं, पॅकिंगचं नवं मशीन शिकून यायला. ज्या शहरात मी राहणार होतो तिथून ते गाव गाडीने दीड तासावर होतं. बाईंनी नकाशावर पट्टी ठेवून मोजलं. मग चिठ्ठी लिहिली: ‘मोठ्या मापाच्या कडेवर हात फिरवणे. कोणत्या बाजूने झिजली आहे ते पाहणे.’

मी गेलो नाही. कारण सांगायला मोठं काही नाही. मधे दोन रविवार मिळाले. पहिल्या रविवारी झोपलो. दुसऱ्या रविवारी बरोबरच्या दोघांबरोबर मॉलमध्ये गेलो, बायकोसाठी सेंट घेतलं, ऑफिससाठी चॉकलेटं घेतली. विसरलो असं म्हणता येत नाही, कारण पैसे देताना पाकिटात चिठ्ठी दिसली होती.

परतल्यावरच्या पहिल्याच शनिवारी वाचनालयात गेलो. बाईंनी विचारलं, “होतं का रे माप?”

हो म्हटलं असतं तर झीज कोणत्या बाजूला, दगड कोणत्या रंगाचा, फोटो कुठे आहे, हे सगळं आलं असतं. नाही म्हटलं की पुढे काही सांगावं लागत नाही. मी म्हणालो, “नव्हतं, बाई. तिथे आता पार्किंग आहे.”

“कुणाला विचारलंस?”

“विचारलं ना. असं कधी काही होतं हेच कुणाला ठाऊक नाही.”

तिथल्या ग्रंथपाल ताई म्हणाल्या, “थांबा बाई, मोबाइलवर बघते.” बाईंनी हाताने थांबवलं. “कशाला? आमचा मुलगा स्वतः जाऊन आलाय.” मग त्यांनी कपाट उघडलं आणि पट्टी लावून क्रमांक एकवर रेघ मारली. “या गृहस्थाने न बघता लिहिलंय,” एवढंच म्हणाल्या. खालचे क्रमांक वर सरकवले नाहीत.

पण बाई जामीन होत्या. पुस्तकाच्या खिशातल्या कार्डावर ज्यांची नावं होती, त्या सगळ्यांना त्यांनी कळवायला घेतलं. काहींना फोन, काहींच्या घरी स्वतः. गुडघे दुखत होते, म्हणून स्कूटरवरून मीच नेलं. ठाण्यात बाळकुमला नव्या टॉवरमध्ये आमच्या भूगोलाच्या बाई राहतात, तिथेही गेलो. बाई सोफ्याच्या कडेवर बसल्या आणि म्हणाल्या, “मी तुला खोटं पुस्तक वाचायला दिलं. ते माप तिथे नाहीच. हा बघून आलाय.”

भूगोलाच्या बाईंनी माझ्याकडे पाहिलं. मग म्हणाल्या, “अगं, मी ते वाचलंच नव्हतं. तू दिलंस म्हणून ठेवलं महिनाभर आणि परत केलं.”

बाई बराच वेळ हसल्या. “एक तरी वाचली,” म्हणाल्या. मीही हसलो. माझ्या हातात चहाचा कप होता.

त्यानंतर खोताची आणि मापाची गोष्ट त्यांनी सांगितलेली मी ऐकली नाही. शनिवारी यायच्या, पुस्तकं द्यायच्या. कुणी पहिल्या क्रमांकाबद्दल विचारलं तर म्हणायच्या, “दोनपासून सुरू करा.”

त्याच वर्षी एकदा ऑफिसात जेवणाच्या सुट्टीत मी त्या गावाचं नाव मोबाइलवर घातलं. पाच मिनिटंही लागली नाहीत. लाकडी छप्पर, दगड, तीन खळगे. झीज कुठल्या बाजूला ते फोटोत कळत नव्हतं. मी मोबाइल बंद केला आणि डबा संपवला.

मागच्या डिसेंबरात बाई ठाण्याला हॉस्पिटलमध्ये होत्या. मी सांगायचं ठरवून गेलो होतो. म्हणालो, “बाई, ते माप...” त्यांनी माझा हात थोपटला. “बरं झालं रे तू गेलास. नाहीतर मी जन्मभर चुकीचं सांगत राहिले असते.” मग त्यांनी विचारलं की मोसंबी सोलून देशील का. मी दिली. चार दिवसांनी बाई गेल्या.

वाचनालयाला आता त्यांची यादी फ्रेम करून लावायची आहे. ग्रंथपाल ताईंनी मला विचारलं, पहिली खोडलेली ओळ चांगली दिसत नाही, तिथे काय लिहायचं, तुम्ही तर जाऊन आलेले. त्या दिवशी मी पहिल्यांदा खरं सांगितलं. त्या उठून कपाटाकडे गेल्या. निळं पुस्तक काढून माझ्यापुढे ठेवलं, आणि कार्डही.

कार्डावर एकतीस नावं आहेत. काही माणसं गेली, काहींचा पत्ता नाही. मी बाळकुमपासून सुरुवात केली. भूगोलाच्या बाईंनी दार उघडलं. मी बसलो नाही. उभ्याउभ्याच सगळं सांगितलं, मॉल, पार्किंग, फोटो, मोसंबी.

“मला तेव्हाच वाटलं होतं,” त्या म्हणाल्या. “दगडाचा रंग विचारला असता तर तू उघडा पडला असतास. तिने मुद्दाम विचारला नसेल.”

“त्यांना माहीत होतं?”

“मला काय माहीत? मी भूगोलाची.” त्यांनी पुस्तक हातात घेतलं, पान उलटलं. “दोनदा वाचलंय मी हे. तिचा चेहरा इतका उतरला होता त्या दिवशी की म्हटलं, तिच्यावरचं एकीचं तरी ओझं कमी होऊ दे.”

मी म्हणालो, “यादीत परत क्रमांक एकला लिहितो.”

“तू पाहिलंस का ते माप?”

“फोटोत.”

“हात फिरवलास?”

“नाही.”

“मग तिच्या यादीत नाही जायचं ते,” त्या म्हणाल्या आणि पुस्तक मला परत दिलं. “विमानं बंद झालीत का?”

घरी येऊन पासपोर्ट काढला. त्याची मुदत दोन वर्षांपूर्वीच संपलीय. चिठ्ठी अजून पाकिटात होती. घडीवरची अक्षरं गेलीत, पण ‘कडेवर हात फिरवणे’ एवढं वाचता येतं. ती पासपोर्टमध्ये ठेवली. कार्डावर अजून तीस नावं आहेत.