ब्लेड किती खातं?

“ही सही वैष्णवीच्या वडिलांचीच ना?” मी सराव-वही तिच्या आईपुढे सरकवली.

“हो बाई, त्यांचीच हाय.”

“मग त्यांना सांगा, पोरीची गणितं सोडवून देणं बंद करा. परीक्षेला ते काही शेजारी बसणार नाहीत.”

तिने वहीकडे पाहिलं, मग माझ्याकडे. “कसं सांगू बाई? ते दिवाळीतच गेले की. गावाकडं जाताना गाडीवरून पडले.”

शाळेच्या रजिस्टरवर फक्त वडिलांचा नंबर होता आणि तो कित्येक दिवस बंद लागत होता. आईची फर्स्ट शिफ्ट, त्यामुळे ती पालकसभेला कधी आली नव्हती. पोरीने शाळेत एका शब्दाने सांगितलं नव्हतं. हे सगळं मला पुढच्या दोन मिनिटांत कळलं. पण माझी नजर त्या सहीवरून हलेना. सहीखाली तारीख होती आणि ती कालची होती.

मी चाकणजवळच्या कुरुळीच्या शाळेत तीस वर्षं गणित शिकवलं. रोज पिंपळे गुरवहून यायचे. पाचवीची सराव-वही मी स्वतः तयार केलेली. रोज एक पान, पानावर सहा गणितं, खाली पालकांच्या सहीची चौकट. उत्तरसूची, म्हणजे सगळ्या उत्तरांची यादी, फक्त माझ्या कपाटात. या वहीचा मला भारी गर्व होता. तिच्यात चूक सापडली नाही, असं मी येईल त्याला ऐकवायचे.

त्या वर्षी एका निवासी शाळेच्या प्रवेश परीक्षेला आमच्या शाळेतून दोनच मुलं पाठवायची होती. राहणं, जेवण, बारावीपर्यंतचं शिक्षण, सगळं तिथेच. वैष्णवीचं नाव पहिलं होतं. आई भेटायला येण्याच्या आदल्या दिवशी मी ते कापलं होतं.

कारण तिच्या वहीत दोन अक्षरं होती. एक तिचं, गोलगोल. दुसरं कोनेदार, डावीकडे कललेलं, मोठ्या माणसाचं. त्यातल्या प्रत्येक सातच्या पोटातून आडवी रेघ. कंपनीत चेकशीट भरणारे लोक असा सात काढतात, एक आणि सात यांची गल्लत होऊ नये म्हणून. बरोबर उत्तराशेजारी त्या अक्षरात ‘ओके’. चुकलेल्याशेजारी ‘एनजी’, म्हणजे नॉट गुड. चाकणच्या कंपन्यांत नापास मालाला हेच म्हणतात. आणि पानांना मशीनच्या ऑइलचा वास यायचा.

इथवर मी दुर्लक्ष केलं होतं. पण एक गणित असं होतं: दोन मीटर लांबीच्या सळईचे पंचवीस सेंटिमीटरचे किती तुकडे होतील? उत्तर आठ. वैष्णवीने गोल अक्षरात आठ लिहिलं होतं. त्यावर काट मारून कोनेदार अक्षरात सात केलं होतं. मी लाल पेनाने फुली मारून वही परत दिली. दुसऱ्या दिवशी वही आली, तेव्हा माझ्या लाल फुलीशेजारी लिहिलं होतं, ‘एनजी’.

डोक्यात तिडीकच गेली. मला एनजी! म्हणून तर आईला बोलावून घेतलं होतं.

“घरात लिहितं कोण मग?” मी विचारलं. माझा आवाज बराच खाली आला होता.

“तीच बसती वही घिऊन. पप्पा सही करतेत म्हणती. मला तर सही येत न्हाई बाई, अंगठाच हाय माझा.” ती थोडा वेळ पदराचं टोक चाचपत राहिली. “शेजारी जागा सोडून बसती. मी बी त्या जागंवर पाय देत न्हाई.”

आईला तिथेच बसवून मी मुख्याध्यापक शिंदे सरांकडे गेले आणि सहीचा प्रकार सांगितला. ते गावातलेच, जुन्या घरातले.

“मॅडम, फॉर्म उद्या जायचेत. नाव ठेवायचं का न्हाई, येवढं सांगा.”

“मला अर्धा तास द्या.”

“भूत-बित काय न्हाई ना?” ते हसत म्हणाले. मला हसू आलं नाही.

शाळा नुकतीच सुटली होती. पाचवीच्या वर्गात वैष्णवी एकटी बाकावर बसली होती. खिडकीतून ऊन थेट फळ्यावर येत होतं. हायवेवर कंटेनरची रांग लागलेली, हॉर्न चालू होते. भीती वाटावी असं तिथे काही नव्हतं. तरी मी तिच्या शेजारी बसले नाही. बाकावर तिच्या डावीकडे एका माणसाची जागा मोकळी होती आणि का कोण जाणे, मी खुर्ची ओढून समोर बसले.

“सळईचं गणित माझ्यासमोर परत कर,” मी म्हणाले.

तिने उजव्या हाताने गोल अक्षरात भागाकार मांडला. दोनशे भागिले पंचवीस. आठ. मग ती पेन खाली ठेवून थांबली. पाहुण्याला जागा द्यावी तसं अंग चोरून बसली. मग हळूच मोकळ्या जागेवर सरकली आणि तिने पेन उचललं, ते डाव्या हाताने.

जूनपासून मी या पोरीला शिकवत होते. डाव्या हाताने तिने कधी खडूही उचललेला मी पाहिला नव्हता. आता तो हात सराईतपणे चालला. आठवर काट. सात. पोटात आडवी रेघ.

“ब्लेड किती खातं?” ती म्हणाली. आवाज तिचाच होता, पण जाड केलेला, थकलेला, शिफ्ट करून आलेल्या माणसाचा.

ती परत उजवीकडे सरकली. “तीन मिलिमीटर,” तिने स्वतःच्या आवाजात उत्तर दिलं.

खोटं कशाला सांगू, उठून बाहेर जावंसं वाटलं. पण तीस वर्षांची खोड, मी आधी गणित केलं. सळई कापताना ब्लेडच्या जाडीएवढं लोखंड भुसा होऊन जातं. आठ तुकड्यांना सात काप. सात त्रिक एकवीस मिलिमीटर. म्हणजे आठवा तुकडा एकवीस मिलिमीटरने कमी भरणार, नापास. चांगले तुकडे सातच. जी वही मी इतकी वर्षं मिरवली, तिच्यातली सळई प्रत्यक्षात कुणी कापलेलीच नव्हती.

“पप्पा कुठल्या सेक्शनला होते?”

“कटिंगला.” मग घाईने, “आहेत.”

मी वाद घातला नाही. फळ्यावर नवीन गणित लिहिलं, वहीत कुठेच नसलेलं. तीन मीटरचा पाइप, तीस सेंटिमीटरचे तुकडे, ब्लेड दोन मिलिमीटर. तिने उजव्या हाताने दहा लिहिले, सरकली, डाव्या हाताने नऊ केले, सरकली. बरोबर. एवढ्या वेळात तिने कुणाकडे पाहिलं नाही, की कुठे उघडून वाचलं नाही. जे काही होतं ते त्या दीड हात जागेत होतं आणि गणित तिला पक्कं येत होतं. माझा प्रश्न तेवढाच होता. बाकीचा मला झेपणारा नव्हता.

“वैष्णवी, परीक्षेत मात्र ब्लेड धरायचं नाही. तिथे आठच बरोबर.”

ती डावीकडे वळून ऐकत राहिली. मग म्हणाली, “पप्पा म्हणतात, मग ड्रॉइंगवर तसं लिहून द्यायला पाहिजे ना.”

कटिंगवाल्याला ड्रॉइंग, म्हणजे मापांचा नकाशा, तसं पोरांना माझं गणित. त्यांचं खरं होतं.

मी फॉर्म मागवला. शिंदे सर स्वतः घेऊन आले, मागून तिची आई आली. पालकाच्या सहीची चौकट समोर येताच पोरीने पेन डाव्या हातात घेतलं. मी तिचा हात धरला. तो गार पडला होता.

“इथे आईचा अंगठा लागेल, बाळा.”

तिने पेन सोडलं नाही. “पप्पांची नाही चालणार?”

शिंदे सर जमिनीकडे बघत होते. तेवढ्यात आई पुढे आली. ज्या जागेवर ती घरी पाय देत नव्हती, तिथे, लेकीच्या डाव्या बाजूला, ती बसली. बसताना डोक्यावरचा पदर सारखा केला आणि त्या जागेकडे बघत अगदी हळू म्हणाली, “जरा सरका.”

वैष्णवीने आईकडे पाहिलं. मग तिने स्वतःच शाईचं पॅड उघडलं. अंगठा उठल्यावर तिने कान दिल्यासारखं केलं आणि सांगितलं, “ओके म्हणाले.” आणि ती रडायला लागली. दिवाळीपासून पहिल्यांदाच रडली, असं तिची आई नंतर म्हणाली.

तिची निवड झाली. जाताना सराव-वही मला देऊन गेली. त्या दिवसानंतरच्या पानांवर एकच अक्षर आहे, गोल. सहीच्या चौकटीत अंगठा.

पुढच्या वर्षी वही नव्याने, इतर शाळांसाठीही, उत्तरसूचीसह छापायची होती. सळईच्या गणितात मी एक ओळ घातली: ‘प्रत्येक कापाला ब्लेड तीन मिलिमीटर खाते.’ इतर शाळांतले शिक्षक ती ओळ सोडून आठ काढतात आणि अजून फोन करतात, बाई, उत्तर चुकलंय. मी त्यांना सांगते, घरी कुणी कटिंगला असेल तर विचारा. कापलं की थोडं जातंच, ते आधीच धरून चालावं, एवढंच मी यातून शिकले.

त्या वर्षी छापखान्यात देण्यापूर्वी मी उत्तरसूचीचा कागद एकदा तपासला होता. आठ खोडून सात लिहिलेलं होतं, सातच्या पोटात आडवी रेघ. अक्षर माझंच होतं. पण तशी रेघ मी जन्मात कधी मारलेली नाही.