माझा क्लोज

माझ्यासमोर लाइटचा एक स्टँड आणून उभा केला आणि असिस्टंट म्हणाला, "आंटी, ये मॅडम है. इनको देख के रोओ."

मी रडले. खोटं कशाला सांगू, रडले. स्टँडवर काळ्या टेपचा तुकडा चिकटवला होता. ते मॅडमचे डोळे. मॅडम म्हणजे सिरियलची हिरोईन. स्वतःचं काम आटपून ती तिच्या व्हॅनिटी व्हॅनमध्ये जाऊन बसली होती.

घोडबंदर रोडवरच्या स्टुडिओंत मी मोलकरणी करते. हिंदी सिरियलींतल्या. नाव बदलतं, पदर खोचलेलाच. मेकअपवाला मला बघून ब्रश खाली ठेवतो. "इनका तो ओरिजिनल है," म्हणतो. आम्ही इथल्याच चेणे गावचे. आज जिथे बंगल्याचा सेट आहे तिथे आमच्याच भावकीची भातशेती होती. पण शॉट नसताना त्या बंगल्यातल्या सोफ्यावर जरा टेकलं, की कोणीतरी उठवतं.

त्या दिवशी मात्र पहिल्यांदा मला सीन मिळाला होता. मोलकरणीची मुलगी मरते आणि ती मालकिणीसमोर मोकळी होते. दिग्दर्शक म्हणाला, "रिअल चाहिए." रिअल माझ्याकडे होतं. माझी तेजू तापात गेली. सहावीत होती. तेव्हा आईला सावरायचं होतं म्हणून मी रडले नाही. मग रडायचं राहूनच गेलं.

आमच्या धंद्यात पद्धत अशी. आधी हिरोईनचा क्लोज, म्हणजे तिच्या एकटीच्या चेहऱ्यावर कॅमेरा. तेव्हा मी कॅमेऱ्याबाहेर उभं राहून माझे संवाद म्हणायचे, त्यावर तिचा चेहरा हलतो. याला क्यू देणं म्हणतात. मग माझा क्लोज. तेव्हा तिने मला क्यू द्यायचा. देत नाही कोणी. थांबतात ते फक्त आपल्या बरोबरीच्यांसाठी.

आणि मी वेडी, क्यू देतानाच सगळं देऊन बसले. तेजूचं कपाळ कसं भाजत होतं ते, शेवटी तिने पाणी मागितलं ते. कागदावर नव्हतं तेही बोलले. मॅडमच्या डोळ्यांतून घळाघळा पाणी. सेटवर टाळ्या पडल्या, मॅडमसाठी. जाताना ती गोड हसून म्हणाली, "आपके रोने से मुझे बहुत हेल्प हुई, आंटी." मग तो स्टँड आला.

एपिसोड लागला तेव्हा आई टीव्हीच्या पुढ्यात बसली. शेजारच्या बायकाही आल्या. सीनभर मॅडमचा चेहरा. माझा खांदा, माझी पाठ. माझा क्लोज लावलाच नव्हता. शब्द माझ्या तेजूचे आणि आवाज भलत्याच बाईचा. माझं हिंदी गावठी वाटतं म्हणून दुसरीकडून डबिंग करून घेतलं होतं. बायका उठून गेल्या.

आई म्हणाली, "तुजा तोंड न्हाय दिसला गो." मग म्हणाली, "आपल्या तेजूचा कशाला सांगलास त्यांना?"

दुसरीला रडू यावं म्हणून मी माझ्या पोरीचं मरण वापरलं होतं.

काही दिवसांनी पुन्हा बोलावणं आलं. मॅडमला तो प्रसंग आठवतो, असा सीन. कॅमेरा माझ्यावर नव्हताच. दिग्दर्शक म्हणाला, "बस क्यू देना है. वैसे ही रोना, मॅडम को वही चाहिए."

मी म्हटलं, "पहले मेरा क्लोज लो. मॅडम सामने खडी रहेगी."

सगळे हसले. मॅडमने फोनमधून मान वर केली. "आंटी, सिरियल मेरे नाम पे चलता है."

"चलता होगा. लडकी मेरी मरी है."

मी साडी बदलली, ड्रेसवाल्याकडे दिली आणि रस्त्यावर आले.

संध्याकाळी कामं लावून देणाऱ्या कोऑर्डिनेटरचा फोन. "सॉरी बोलून टाका ताई, नाहीतर या पट्ट्यात कोणी बोलावणार नाही." मी सॉरी म्हटलं नाही. त्याचंच खरं झालं. सिरियलमधली मोलकरीण गावी गेली म्हणे. मी आता हाटकेशला, कारखान्यांच्या वस्तीत, एका गाळ्यात पॅकिंग करते.

काम मी सोडलेलं नाही. बोलावलं तर जाईन, मोलकरीणही करीन. पण माझं दुःख ज्याला हवंय, त्याने माझ्यासमोर उभं राहायचं आणि कॅमेरा माझ्या तोंडावर लावायचा. नाहीतर आपलं आपण रडावं.